वांदा कुणाचा?

"बाईनं करिअर खाल्लं गड्याचं. बास. आता पुढं बोलूच नका."

पिंट्याचा निकाल लागला तेव्हा चहा अजून यायचा होता. बाई म्हणजे वांदा नारा आणि गडी म्हणजे तिचा दुसरा नवरा, अर्जेंटिनाचा फुटबॉलवाला माउरो इकार्दी. कोल्हापुरात मिरजकर तिकटीजवळच्या आमच्या कट्ट्यावर पावसाळ्यात असंच चालतं. शाहू स्टेडियमवर मॅचेस नाहीत, पाटाकडीलची टीम भारी की शिवाजीची हे भांडण पुढच्या सीझनपर्यंत बासनात, मग माणसं मोबाईलवर इटली-अर्जेंटिनातली लफडी उकरत बसतात. पिंट्याला इकार्दीचा कुठलातरी जुना गोल दिसला होता आणि गोलापाठोपाठ बाई आठवली होती.

पिंट्या कट्टर अर्जेंटिनावाला. वर्ल्डकप आला की मेस्सीच्या कटआउटची वर्गणी मागत फिरणारा. बाईचं नावच वांदा, तर घरात दुसरं काय होणार, हा विनोद तो दर वेळी करतो आणि दर वेळी एकटाच हसतो. सुन्या इंटर मिलानवाला. रात्री एकला उठून इटलीच्या मॅचेस बघणारा पेठेतला बहुधा एकटाच माणूस. वकील कामगार कोर्टात असतात. मास्तर शाळेत पीटी शिकवून रिटायर झाले, त्याआधी तालमीच्या टीममध्ये हाफबॅक खेळायचे. आणि रेश्मा. जिल्ह्याच्या मुलींच्या टीममध्ये खेळलेली, आता लोकांची जीएसटीची रिटर्न भरते आणि आकडा चुकला की तोंडावर सांगते.

"खाल्लं म्हणजे काय खाल्लं?" रेश्मानं विचारलं. "नीट सांग. सुरुवातीपासून."

सुरुवात सुन्यानं सांगितली, कारण पिंट्या सांगायला लागला की त्यात मेस्सी येतो. वांदा १९८६ ची, ब्युनोस आयर्सच्या उपनगरातली. मॉडेलिंग, टीव्ही, रंगीबेरंगी स्टेज शो यांतून तिकडं नाव झालेलं. धाकटी बहीण झायराही टीव्हीवरची. तिचं लग्न उरुग्वेच्या दिएगो फोरलानशी ठरून मोडलेलं. म्हणजे घराला फुटबॉलवाल्यांची सवय होती. वांदानं २००८ मध्ये माक्सी लोपेझशी लग्न केलं. माक्सी म्हणजे रिव्हर प्लेटमधून बार्सिलोनाला गेलेला उंच, सोनेरी केसांचा स्ट्रायकर. तिथं तो फार चालला नाही, पण मेस्सी नवा नवा असताना त्याच ड्रेसिंगरूममध्ये बसलेला. वांदा आणि माक्सीला तीन मुलगे झाले. २०१२-१३ च्या सीझनला माक्सी जेनोआ शहरातल्या सम्पदोरियात आला आणि तिथं एक पोरगा भेटला, रोझारिओत जन्मलेला, कॅनरी बेटांवर वाढलेला, बार्सिलोनाच्या अकादमीतून आलेला. इकार्दी. वय एकोणीस-वीस. देशाचाच पोरगा म्हणून माक्सीनं त्याला जवळ केलं, घरी जेवायला नेलं.

"आणि त्यानं ताटच पळवलं," पिंट्या म्हणाला.

"बायको म्हणजे ताट न्हवं," रेश्मा म्हणाली. "पुढं."

पुढं २०१३ च्या शेवटाला घटस्फोट आणि मे २०१४ मध्ये वांदा-इकार्दी लग्न. मधल्या एप्रिलमध्ये सम्पदोरिया विरुद्ध इंटर, जेनोआतच. इकार्दी तोवर इंटरचा झालेला, माक्सी फिरून सम्पदोरियात आलेला. मॅचआधी दोन्ही टीम हात मिळवतात, त्यात इकार्दीनं हात पुढं केला आणि माक्सी तसाच पुढं सरकला. त्या मॅचला इटलीत चक्क वांदा डर्बी म्हणतात. इंटर ४-० नं जिंकली, इकार्दीचे दोन गोल, आणि माक्सीची पेनल्टी इंटरच्या हान्दानोविचनं अडवली.

"हान्दानोविचचं नाव लक्षात ठेवा," सुन्या म्हणाला. "पुढं परत येणाराय."

मास्तरांनी चष्मा पुसला. "मला बाईचं काय वाटत नाही. मला त्या पोराचं वाटतं. आमच्या वेळी तालमीतल्या पोराच्या घराकडं वाकडी नजर टाकायची कुणाची टाप नव्हती. एका ताटात जेवलेला माणूस आहे. टीम कशावर चालते? पास देईल या भरवशावर."

"हेच मॅराडोना बोलला!" पिंट्या उसळला. "गद्दार म्हणाला इकार्दीला. उघड. २०१६ ला. देवानं सांगितलं की झालं."

"कुठल्या साली म्हणालास?"

"२०१६."

"नेपल्समधल्या मुलाला आपला मुलगा म्हणून जवळ घ्यायला तुझ्या देवाला कुठलं साल उजाडलं?" रेश्मानं विचारलं. "तेही २०१६ च. पोरगा १९८६ चा. तीस वर्षं झाली तेव्हा. देवाला गोलाबद्दल विचार, घरसंसाराबद्दल नको."

पिंट्या काही क्षण खरंच दुखावला. मॅराडोनाचं नाव आमच्यात जपून काढायचं असतं.

मला इथं मास्तरांचं पटत होतं आणि रेश्माचंही. इकार्दीनं दंडावर माक्सीच्या तिन्ही मुलांची नावं गोंदवून घेतली आणि त्याचे फोटो जगाला दाखवले. मुलांचा बाप जिवंत आहे, त्याच देशात खेळतोय, आणि आपण त्याच्या मुलांची नावं दंडावर मिरवायची? हा मला साध्या माणुसकीचा प्रश्न वाटतो. रेश्मानंही इथं मान हलवली. पण तिचा मुद्दा वेगळाच होता. "गोंदवलं कुणी? तिनं गोंदवलं का त्याच्या हातावर? माक्सीनं आपल्याला फसवलं असं ती तेव्हा जाहीर सांगत होती. खरं-खोटं त्यांचं त्यांना माहीत. लग्न मोडलं तेव्हा तिला तीन लहान पोरं होती आणि हा बिनजबाबदार विशीतला. आणि तुमच्या तोंडी सगळीकडं 'तिनं नादाला लावलं'. गद्दार तो म्हणायचा, आणि मॅचला नाव तिचं द्यायचं. हे कसलं गणित?"

चहा आला. वकिलांना बिनसाखरेचा.

आता इतकीच गोष्ट असती तर असल्या पन्नास भानगडी फुटबॉलमध्ये असतात. वांदाची गोष्ट निराळी आहे ती पुढच्या भागामुळं. ती नवऱ्याची एजंट झाली. कट्ट्यावर हा भाग सगळ्यात जास्त रंगला आणि मलाही तोच खरा वाटतो, बाकी सगळं मासिकांच्या मुखपृष्ठांसाठी.

"एजंट व्हायला परीक्षा लागते की," पिंट्या म्हणाला. "हिनं कुठली दिली?"

वकिलांनी ग्लास खाली ठेवला. कायद्याचं काही निघालं की ते आधी ग्लास खाली ठेवतात. "२०१५ मध्ये फिफानं एजंटांची परवाना-परीक्षाच काढून टाकली. नोंदणी करा आणि कामाला लागा. त्यामुळं खेळाडूंचे भाऊ, बाप, मेव्हणे सगळे एजंट झाले. २०२३ मध्ये फिफानं परीक्षा परत आणली, कमिशनवरही मर्यादा घातली. मधल्या काळात या बाईनं जे केलं ते त्या वेळच्या नियमांत बसणारं होतं. ती बायको होती म्हणून नियमबाह्य होत नाही."

"आणि काम वाईट केलं का?" सुन्या म्हणाला, जरा नाखुशीनंच, कारण तो इंटरवाला. "२०१६ चा उन्हाळा आठव. नापोलीनं हिग्वाईन युव्हेंटसला विकला, नव्वद दशलक्ष युरोला. त्यांना स्ट्रायकर पाहिजे, डोळा इकार्दीवर. वांदानं ते झाकलं नाही, उलट सगळ्यांना दिसू दिलं. ऑक्टोबरात इंटरनं नवा करार दिला, २०२१ पर्यंतचा, पगार वाढवून. वर रिलीज क्लॉज, म्हणजे तेवढे पैसे मोजले की खेळाडू नेता येतो अशी अट, परदेशी क्लबांसाठी एकशे दहा दशलक्ष युरो. तेवीस वर्षांच्या पोरासाठी. मला तेव्हा बाईचा राग आला होता. पण माझा एजंट असता तर मला हेच पाहिजे असतं."

"पोग्बाचा एजंट मिनो रायोला हेच करायचा," मी म्हणालो. "डिसेंबर २०२० मध्ये चॅम्पियन्स लीगच्या निर्णायक मॅचच्या आदल्या दिवशी पेपरात सांगून मोकळा, की पोग्बाचं मँचेस्टर युनायटेडमधलं काम संपलं. युनायटेड ती मॅच हरली, स्पर्धेबाहेर गेली. लोकांनी शिव्या दिल्या, पण त्याला 'सुपर एजंट' म्हणायचं कुणी सोडलं नाही. तो मेला तेव्हा मोठमोठे मृत्युलेख आले."

"रायोला पोग्बाबरोबर झोपत नव्हता," पिंट्या म्हणाला.

मास्तरांनी त्याच्याकडं असं बघितलं की तो दोन मिनिटं गप्प बसला.

पण पिंट्याच्या त्या आगाऊ वाक्यात एक गोष्ट होती आणि वकिलांनी ती उचलली. एजंट बदलता येतो. एजंटानं घोळ घातला तर खेळाडू पत्र पाठवतो, दुसरा धरतो. बायको एजंट असेल तर तो रस्ता बंद. क्लबलाही अवघड. एजंटाशी कडक बोलावं तर कॅप्टनच्या बायकोशी कडक बोलल्यासारखं होतं. "माझ्या अशिलांत बाप-लेकाच्या पार्टनरशिपा आहेत," ते म्हणाले. "धंदा बरा चालतो तोवर त्याच्याइतकं चांगलं काही नाही."

२०१६ चीच दुसरी भानगड सुन्यानं पटकन उरकली. इकार्दीचं आत्मचरित्र निघालं. तेविसाव्या वर्षी. त्यात एका सस्सुओलोच्या मॅचनंतरची हकीकत होती. यानं लहान पोराला शर्ट दिला, तो इंटरच्याच कट्टर समर्थकांच्या म्होरक्यानं हिसकावला, आणि मग यानं अर्जेंटिनातून गुंड आणायची भाषा केल्याचं लिहिलेलं. झालं. कुर्वा नोर्द, म्हणजे इंटरच्या उत्तर बाजूच्या स्टँडातले कट्टर पाठीराखे, खवळले. हा आमचा कॅप्टन नाही म्हणून जाहीर केलं. त्याच रविवारी काल्यारीविरुद्ध यानं पेनल्टी घालवली आणि इंटर घरच्या मैदानावर २-१ हरली. क्लबनं दंड केला, कॅप्टनपद ठेवलं.

"यात बाई कुठं आली?" रेश्मा.

"न्हाई आली."

"मग लिहून ठेव. एक राडा त्याच्या एकट्याच्या नावावर."

आता खरी गोष्ट, २०१८-१९ ची. इथं मी वांदाच्या बाजूनं उभा राहत नाही, आणि कट्ट्यावरही तसंच सांगितलं.

आधीच्या सीझनला, २०१७-१८ मध्ये, इकार्दी शिखरावर होता. लीगमध्ये २९ गोल, इम्मोबिलेबरोबर सगळ्यांत वर. मार्च २०१८ मध्ये जुन्या सम्पदोरियालाच त्यांच्या मैदानात चार गोल घातले आणि सेरी आ, म्हणजे इटलीच्या वरच्या लीगमधले शंभर ओलांडले. वय पंचवीस. आणि त्या शरद ऋतूत वांदा इटालियन टीव्हीवर फुटबॉलच्या चर्चेच्या कार्यक्रमात नेहमीची पाहुणी म्हणून बसायला लागली. म्हणजे बघा, इंटरच्या कॅप्टनची बायको, इंटरशी नव्या करारावर बोलणी करणारी त्याची एजंट, आणि इंटर कशी खेळली यावर दर आठवड्याला मत देणारी टीव्हीवरची जाणकार, सगळं एकच माणूस. नवऱ्याला पुरेसे पास मिळत नाहीत, त्याला मदत पाहिजे, असं ती पडद्यावर बोलायची. पास न देणारे कोण? तेच, ज्यांच्यासोबत तो दुसऱ्या दिवशी सकाळी सरावाला जाणार.

शाहू स्टेडियमवर एखाद्या टीमच्या मॅनेजरनंच लाऊडस्पीकरवर कॉमेंटरी करायला बसावं आणि स्वतःच्या हाफला नावं ठेवावीत, तर हाफ-टाइमला काय होईल ते मिरजकर तिकटीला सांगायची गरज नाही. मास्तर हाफबॅक होते. त्यांचा चेहराच सांगत होता.

"मी त्या हाफच्या जागी असतो तर," मास्तर म्हणाले, "पुढच्या मॅचला बॉल कॉर्नर फ्लॅगकडं मारला असता."

डिसेंबर २०१८ मध्ये इंटरनं क्लबचा कारभार बघायला बेप्पे मारोत्ताला आणलं. युव्हेंटसची घडी बसवलेला, शिस्तीचा माणूस. नाताळच्या सुट्टीवरून इकार्दी उशिरा परतला, दंड झाला. १३ फेब्रुवारी २०१९ ला क्लबनं समाजमाध्यमावर दोन ओळी टाकल्या की, कॅप्टन आता सामीर हान्दानोविच. माक्सीची पेनल्टी अडवणारा तोच. दुसऱ्या दिवशी व्हिएन्नात युरोपा लीगची मॅच होती. टीम विमानात बसली, इकार्दी गेला नाही. मग गुडघा दुखायला लागला. एप्रिलच्या तीन तारखेपर्यंत तो खेळलाच नाही, मधे वकील घालून समेट करावा लागला. वांदा टीव्हीवर रडली. त्याच आठवड्यात तिच्या गाडीवर दगड आला, गाडीत मुलं होती, असं तिनं सांगितलं.

"दगड मारणाऱ्यांना तर..." मास्तरांनी वाक्य पुरं केलं नाही.

"कोण म्हणतं बाईचं चुकलं नाही?" रेश्मा म्हणाली, आणि आम्ही सगळे तिच्याकडं वळलो, कारण तासभर ती दुसऱ्या बाजूनं खेळत होती. "टीव्हीवर बसली ते चुकलंच. मी एका पार्टीचं रिटर्न भरत असताना त्याच पार्टीबद्दल पेपरात लिहिलं तर माझ्याकडं कोण येईल? तो मुद्दा सोडून दिला मी. पण विमानात बसला नाही तो कोण? सुट्टीवरून उशिरा आला तो कोण? कॅप्टनची पट्टी काढली म्हणून व्हिएन्नाला जात नाही म्हणजे काय? पट्टी काढली होती, पाय नव्हते काढले."

"बायकोचा अपमान झाला म्हणून गेला नसंल," पिंट्या म्हणाला. जरा मऊ आवाजात.

"मग ती त्याची मर्दानगी झाली. तिनं कसं काय करिअर खाल्लं?"

मी त्यांना मँचेस्टर सिटीच्या याया तूरेची आठवण करून दिली. त्याचा एजंट दिमित्री सेलुक. सिटीनं तूरेला वाढदिवसाला नीट विचारलं नाही म्हणून २०१४ ला गाजावाजा करणारा. २०१६ मध्ये त्यानं सिटीचा कोच ग्वार्दिओलावर तोंड टाकलं, आणि ग्वार्दिओलानं जाहीर सांगितलं की, एजंट माफी मागत नाही तोवर तूरे खेळणार नाही. तूरे बाहेर बसला. नोव्हेंबरात शेवटी तूरेनंच माफी मागितली आणि परत येऊन पहिल्याच मॅचला दोन गोल मारले. म्हणजे एजंटाच्या तोंडाची किंमत खेळाडूनं मोजायची हा रिवाज जुनाच. फरक एवढाच की सेलुकचं नाव आज आमच्या कट्ट्यावर सुन्या सोडून कुणाला आठवत नव्हतं, आणि तूरेचं करिअर सेलुकनं खाल्लं असं पिंट्या कधी म्हणाला नाही.

"ते माहितीच न्हवतं मला," पिंट्या म्हणाला.

"तेच तर."

पण पिंट्याकडं एक आकडा शिल्लक होता आणि तो त्यानं बरोबर वेळेला काढला. क्लॉज एकशे दहाचा. सप्टेंबर २०१९ ला इंटरनं इकार्दीला पॅरिसच्या क्लबला, पीएसजीला, भाड्यानं दिला, नऊ नंबरचा शर्ट लुकाकूला दिला, आणि २०२० मध्ये पॅरिसनं विकत घेतला तो पन्नास दशलक्षाला, वर आठचा बोनस. "एकशे दहाचं पन्नास. हे कुणी केलं? बाजारात निम्म्यावर आला की गडी."

रेश्मानं लगेच आकडा हातात घेतला. क्लॉज म्हणजे बाजारभाव नव्हे, ती मागितलेली वरची किंमत. एकशे दहा कधीच कुणी मोजले नव्हते, शिखरावर असतानाही. शिवाय नुकसान झालं असेल तर विकणाऱ्याचं, म्हणजे इंटरचं. "आणि तो गेला कुठं? पॅरिस. एम्बापे-नेमारच्या टीममध्ये. करिअर खाल्लेली माणसं कुठं जातात ते तुला दाखवू का?" सुन्या इंटरवाला असूनही हसला. त्याच्या मते इंटरचंही बरंच झालं, कारण ती जागा अर्जेंटिनाच्याच लौतारो मार्तिनेझला मिळाली आणि आज कॅप्टन तो आहे.

लौतारोचं नाव आलं आणि पिंट्याची जखम उघडी पडली. मूळ दुखणं इथंच होतं. २०१८ च्या वर्ल्डकपला अर्जेंटिनाचा कोच साम्पाओलीनं २९ गोलवाला इकार्दी घरी ठेवला. हिग्वाईन, अग्वेरो नेले, आणि अर्जेंटिना फ्रान्सकडून ४-३ हरून परतली. ती मॅच पिंट्यानं रडत बघितली होती. इकार्दी देशाकडून एकूण आठ मॅचेस खेळला, गोल एक, तोही मेक्सिकोविरुद्ध मित्रत्वाच्या मॅचला. "माक्सी मेस्सीचा जुना जोडीदार. मेस्सीच्या गोटात इकार्दी कसा बसणार? बाईपायी देशाचा स्ट्रायकर गेला आमचा."

असं अर्जेंटिनातही बोललं जातं. पुरावा कुणी दिलेला नाही. मला एवढंच दिसतं की २०१३ ला एक मॅच खेळल्यावर त्याला पुढची मॅच मिळाली ती थेट २०१७ ला, आणि त्या काळात अर्जेंटिनाकडं हिग्वाईन, अग्वेरो, तेवेझ असे तीन स्ट्रायकर होते. कुठल्याही देशात रांग लागली असती. पिंट्याला हे उत्तर नको असतं. त्याला हवा असतो एक गुन्हेगार, आणि तो मेस्सी असून चालत नाही.

ऑक्टोबर २०२१ चा प्रकार तर सगळ्यांनी फोनवर बघितलेला. वांदानं इन्स्टाग्रामवर एका बाईला उद्देशून लिहिलं की, आणखी एका कुटुंबाची वाट लावलीस, आणि पुढं शिवी. ती बाई म्हणजे अभिनेत्री चायना सुआरेझ. इकार्दीनं तिच्याशी संदेशांची देवाणघेवाण चालवली होती. वांदा मिलानला निघून गेली, हा पॅरिसचा सराव सोडून तिच्या मागं धावला, लाइपझिगविरुद्धची चॅम्पियन्स लीगची मॅच बुडवली. अर्जेंटिनात त्या आठवड्यात दुसरी बातमी नव्हती. मग समेट, मग परत फाटाफूट, मग पुन्हा एकत्र. इतक्या वेळा की सुन्यानं मोजायचं सोडलं. शेवटी २०२४ मध्ये खरंच मोडलं, २०२५ पासून इकार्दी उघडपणे त्याच चायना सुआरेझबरोबर, आणि वांदा-इकार्दीच्या दोन मुलींच्या ताब्यावरून कोर्टकचेऱ्या.

"आता तरी मान्य करशील का, घर कुणी मोडलं ते?" मी पिंट्याला विचारलं.

त्याच्याआधी रेश्माच बोलली. "वांदाला पण जमलं नाही ते. नवऱ्यानं मेसेज केले, शिवी दिली दुसऱ्या बाईला. माक्सीच्या वेळी लोकांनी हिला जे म्हटलं, तेच हिनं तिला म्हटलं. मला तिथं तिचा लई राग आला." मग जरा थांबून, "पण शिवीतल्या शिवीत स्पेलिंग बरोबर होतं."

वकील हसले नाहीत. त्यांच्या डोक्यात दुसरंच चाललं होतं. २०२३ च्या जुलैत वांदा ब्युनोस आयर्सच्या हॉस्पिटलात दाखल झाली. तिला ल्युकेमिया असल्याचं टीव्हीवर एका पत्रकारानं सांगून टाकलं, तिनं स्वतः तोंड उघडायच्या आत. काही महिन्यांनी तिनं स्वतः ते मान्य केलं. मधल्या काळात ती इटलीत नाचाच्या स्पर्धेत भाग घेत होती. "माझ्या मते सगळ्यात मोठा अन्याय हा. रिपोर्ट पेशंटचा असतो."

"पण सायेब, जी बाई रोज आंघोळीपासून जेवणापर्यंत फोटो टाकते..." पिंट्या.

"टाकू दे. दुकान मांडलंय म्हणून गल्ल्यात हात घालायचा का?"

"लोक म्हणणार की..."

"लोक म्हणणार. मी कायदा सांगतोय. मुलाखत विकली, फोटो विकले, लग्नाचा समारंभ विकला, तो तिचा धंदा. रक्ताचा रिपोर्ट तिनं विकायला काढला नव्हता. आणि तिची पोरं शाळेत जातात, तिथं हे आधी पोचलं असणार." एवढं सलग वकील कोर्टातही बोलत नसावेत. पिंट्यानं यावर वाद घातला नाही. मास्तर म्हणाले, असल्या पत्रकाराला मैदानाच्या चार फेऱ्या माराव्या लागल्या पाहिजेत. त्यांच्याकडं सगळ्या गुन्ह्यांना हीच शिक्षा असते.

करिअर खाल्ल्याचा मूळ आरोप अजून लटकतच होता, तो सुन्यानं निकालात काढला. २०२२ ला इकार्दी गालातासरायला गेला, इस्तंबूलला, वांदाबरोबरच. तिथं पहिल्याच सीझनला लीग जिंकली. दुसऱ्या सीझनला पुन्हा जिंकली आणि हा २५ गोलांनी लीगमध्ये पहिला. तिकडं त्याला डोक्यावर घेऊन नाचतात. म्हणजे ज्या वर्षांत घरी रोज तमाशा, त्याच वर्षांत गोल. नोव्हेंबर २०२४ ला टॉटनहॅमविरुद्ध त्याच्या गुडघ्याचा लिगामेंट तुटला आणि सीझन गेला.

"लिगामेंट पण बाईनंच तोडला म्हण आता," रेश्मा म्हणाली.

"तुर्कस्तानची लीग काय लीग हाय का?" पिंट्यानं शेवटची भिंत धरली. "एकदा पॅरिसात असलेला माणूस."

"आपल्या सीझनला बाहेरची पोरं आणून खेळवतो आपण, तेव्हा विचारतोस का कुठल्या लीगमधून आली?" सुन्या म्हणाला. यावर कट्ट्याच्या पलीकडच्या टोकाला बसलेल्या दोघा अनोळखी माणसांनीही माना हलवल्या. ते कधीपासून ऐकत होते कुणास ठाऊक.

मग सुन्यानं मोबाईल पुढं केला. बराच वेळ राखून ठेवलेलं पान होतं ते. अर्जेंटिनातला सेलिब्रिटींचा स्वयंपाकाचा कार्यक्रम, २०२५ चा. सूत्रसंचालक वांदा नारा. आणि स्पर्धकांत, एप्रन बांधून, पातेल्यापाशी उभा माक्सी लोपेझ.

"हा कोण?" पिंट्यानं फोन डोळ्यांजवळ नेला. "तो माक्सी? हात न मिळवणारा?"

"तोच."

"आणि ती हसतीया?"

"दोघं हसतायत."

पिंट्यानं फोन मास्तरांकडं दिला, मास्तरांनी वकिलांकडं. पिंट्या हिशेब करत होता. दहा-बारा वर्षं माक्सीच्या वतीनं त्यानं जे भांडण लढवलं होतं, ते माक्सीनं त्याला न विचारता मिटवून टाकलं होतं.

"पण हा हितसंबंधाचा प्रश्न होतो," वकील म्हणाले. ग्लास खाली ठेवलेलाच होता. "सूत्रसंचालक आणि स्पर्धक यांचं पूर्वी लग्न झालेलं. टीव्हीवर बसली ते चुकलंच, असं मघाशी रेश्मा म्हणाली. तोच नियम इथं लावायचा की नाही?"

"गुण परीक्षक देतात, ती नाही देत."

"मीठ कमी पडलं तर ती खुणावणार नाही कशावरून?"

"वकील, पाया पडतो," पिंट्या म्हणाला, "माक्सीला तरी सोडा."